जिचं लुगडं, तिचं नाव

केनवड, ता. रिसोड
११ नोव्हेंबर २०२४

पुंजाजी गड्या,

रामराम. फोन करू नको, मी उचलत नाई. डावा कान तं कवाचाच गेला, आता उजव्यानंबी साथ सोडली. पोरानं मशीन आनून देल्ली होती, तिच्यातून सारं गाव एकदम कोकलते. काढून फेकली. म्हनून कागदच बरा, कागद वरडत नाई.

काल डोळे तपासाले वाशीमले गेलतो. डाक्टरनं थेंब टाकले, बाहेर आलो तं सारं धूसर. तरी तो बॅनर दिसलाच, एवढी मोठी अक्षरं होती. 'लाइव्ह टीव्हीच्या सुरुवातीच्या काळातील विस्मृतीत गेलेल्या वऱ्हाडी कलावंत गोजराबाई यांचा भव्य सत्कार. पंधरा डिसेंबर. थेट प्रक्षेपण.' खाली एक बाई, निम्मं तोंड पदराआड. वरतून पुढाऱ्याईची रांग. तोंडं काई ओळखू आले नाई, पन दात साऱ्याईचे दिसत होते.

अबे, गोजराबाई म्हंजे मी!

तुले आठवते ना बावा? का तूबी विसरला? केनवडची आपली दंडार मुंबईच्या टीव्हीवर गेलती. केनवड तुह्या मामाचं गाव म्हनून तू आमच्यात सोंगाड्या, मी बाई. त्या लाइटाईनं माह्या तोंडावरचा मुर्दाडशिंगाचा रंग वितळून गळ्यात उतरला होता. कानाले भोंगे लावलेला एक जन हातानं गोल गोल करे, म्हंजे आटपा. तवा काई टेप-बीप नव्हती, जे झालं ते सरळ लोकाईच्या घरात. गौळन झाली अन् ते बोलनारी बाई माइक घेऊन माह्या जवळ आली. 'आपलं नाव काय ताई?'

आता मी काय सांगाव? आपल्या दंडारीचा कायदा तुले माहीत हाय. आंगावर लुगडं हाय तंवर गड्याच्या आवाजात बोलाचं नाई, गड्याचं नाव घ्याचं नाई. जिचं लुगडं, तिचं नाव. वस्तादानं ह्या एका गोष्टीसाठी किती जनाईले काठीनं झोडलं. माह्या आंगावर तुह्या बायकोचं, गोजरावहिनीचं लुगडं होतं, हिरवं, लाल काठाचं, तूच आनलं होतं. म्हनून मी मुरका मारून सांगतलं, 'गोजराबाई.' झालं. साऱ्या मुंबईत गेलं.

वहिनी तं साधी बाई, चुलीपासून हलत नाई. म्हंजे कोन्या भामटीनं कुठूनतरी नाव ऐकलं अन् चिकटवलं आपल्याले. मले किळस आली पुंजाजी. पन्नास वर्षं कोनी कुत्रंबी पुसाले आलं नाई, अन् आता हे पदराआडून सत्कार घेनार!

तू ये. वस्ताद गेला, ढोलकीवाला गेला, आता गवाही द्याले तूच उरला. लवकर लिव.

तुहा,
जगदेव

•

कामरगाव, ता. कारंजा
२० नोव्हेंबर २०२४

जगदेवा,

पत्र पोचलं. मजकूर समजला.

माह्ये गुडघे गेले. संडासले जाताना भिंतीले धरून जा लागते, तं वाशीमले कसा येऊ? इकडे सोयाबीन काढून झालं, भाव काई नाई, तुरीवर अळी. आमच्या पोराची, हरीओमची धावपळ चालू हाय, त्याले पंचायत समितीले उभं राह्याचं हाय, दिवसभर घरात मानसं. चहा करून करून घरचे थकले.

तू जे लिवतं ते बराबर हाय, मी कुठं नाई म्हंतो. पन गड्या, आता आपन पिकले पानं. असंन कोनी बाई. तिचा सत्कार झाला तं तुह्यं काय जाते? एक शाल, एक नारळ. तुही पोरंबी तं सांगत नाईत कोनाले की आमचा बाप लुगडं नेसे. तुह्या नातीचं लग्न जुळून राह्यलं म्हंतं ना? मंग आता भर सभेत जाऊन 'ते बाई मी होतो' म्हनशीन तं सोयरे काय म्हनतीन, याचा इचार कर.

आनखी एक. टीव्हीवाल्याईच्या भानगडीत पडू नाई. ते काई बी दाखवतात.

डोळ्याले जप. थेंब वेळेवर टाक.

पुंजाजी

•

केनवड
२९ नोव्हेंबर २०२४

पुंजाजी,

तुही चिठ्ठी वाचली अन् चुलीत टाकाव वाटली. गुडघे गेले म्हंतं! जीभ तं हाय ना? कोनाच्या गाडीत बसून ये, मी पाठीवर घेऊन चढवतो तुले स्टेजवर.

सोयऱ्याईचं मले सांगू नको. नात कागदावर लिवून म्हंते, आबा, जाच तुमी. तिनंच मले मोबाइलवर त्या चॅनलची जाहिरात दाखवली. मी तिले सारं सांगतलं तं पोट्टी हसली नाई. डोळे मोठे करून म्हने, मंग तुमचं नाव कुठं हाय? नाई ना बाई, कुठीच नाई. माह्या पोराईनं लाजेपायी दडवलं, टीव्हीवाल्याईनं ठेवलंच नाई, अन् राह्यलं-सुयलं ते भामटी घेऊन चालली. मी मेल्यावर जगदेव नाचला होता हे कोन्या मायच्या पुताले ठाऊक राह्यनार नाई. शाल-नारळ घाल चुलीत. मले माह्यं नाव पाह्यजे.

माह्याजवळ पुरावा हाय. वहिनीचं ते लुगडं अजून माह्या पेटीत हाय. मुंबईहून आल्यावर तू म्हनला होता, ठेव, गोजरानं खुशीनं देल्लं तुले, कलावंताची ओटी म्हनून. दर साली ऊन देतो त्याले. लाल काठ आता इटकरी झाला, पन कापड गच्च हाय.

ते घेऊन जातो पंधरा तारखेले. त्या बाईले इचारतो, 'सांग बाई, त्या दिवशी कोन्तं लुगडं नेसली होती?' पाहू मंग तिचं तोंड.

वहिनीले माहा नमस्कार सांग. तिलेबी सांग, तिच्या नावाची कशी माती करून राह्यले.

जगदेव

•

केनवड
१६ डिसेंबर २०२४

पुंजाजी,

गेलतो. लुगडं पिशवीत घेऊन मांगच्या रांगेत बसलो.

पडदा सरकला अन् स्टेजवर तुही बायको. बाजूले हरीओम, हात जोडून, साऱ्या दुनियेचा जावई असल्यावानी. अन् पयल्या रांगेत तू! गुडघे मांडीवर मांडी टाकून बसले होते.

मी तिथंच थुंकलो. पुढच्या मानसाच्या चपलेवर पडलं, तो वरडला असंन, मले ऐकू आलं नाई. उठून निंगून आलो.

शिसारी येते मले तुमची. सहकुटुंब. पुन्हा मले लिवू नको.

जगदेव

•

कामरगाव
२३ डिसेंबर २०२४

जगदेवभाऊजी यास,

गोजराबाईचा नमस्कार. अक्षर वाकडं हाय, सातवीपर्यंत शिकली अन् त्यानंतर किराना सोडून काई लिवलं नाई. समजून घ्या.

तुमच्या तिन्ही चिठ्ठ्या मी वाचल्या. ह्याईनं गादीखाली ठेवल्या होत्या. गादी झटकाले मीच असते हे त्याईले इतक्या वर्षात समजलं नाई.

तुमी थुंकले म्हंता. बरं केलं. पन कोनावर थुंकले ते तं पाहून घ्या.

पयले लुगड्याचं सांगते. ते मी खुशीनं देल्लं नव्हतं. ते माह्या लग्नाचं, मायनं मानोऱ्याच्या बाजारातून घेतलेलं. हे म्हनले, आठ दिवसासाठी दे, मामाच्या घरी पूजा हाय, मामीले नेसाले पाह्यजे. वापस आले तं म्हनले, गाडीत चोरी झालं. मी दोन दिवस रडली त्या लुगड्यापायी. अन् तुमी दर साली त्याले ऊन देऊन राह्यले! वाचलं तवा मले हसावं का ओकावं, समजे ना.

आता नावाचं सांगते. तुमी मुरका मारून माह्यं नाव सांगतलं अन् मोकळे झाले. माह्या बाबाचे साडभाऊ, माहा मावसा, मुंबईले गिरनीत होते. चाळीत एकाच्या घरी टीव्ही, त्याच्यापुढं सारी चाळ. त्याईनं पाह्यलं, ऐकलं अन् बाबाले मानोऱ्याले पत्र टाकलं, 'तुमची गोजरा टीव्हीवर नाचली, साऱ्या मुंबईनं पाह्यली. कामरगावच्या पुंजाजीसंगं होती.' ते टीव्ही काळा-पांढरा, मावसा माळकरी मानूस, डोळ्यानं अधू, लांबून पाहे. लुगडं, पदर, नाव अन् संगं जावई. आनखी काय पाह्यजे?

मी तवा सासूसंगं निंदाले जात होती. सासू जित्ती होती, तिले इचारा म्हनलं. बाबा म्हनले, टीव्ही खोटं बोलते का?

भाऊजी, तुमची दंडार केनवडची. मानोऱ्यात तुमाले कोन ओळखे? तिकडे कोनाले ठाऊक की बाई म्हंजे जगदेव? सांगनारा एकच होता. अन् तो चूप बसला. काहून, तं सासऱ्याले सांगतलं होतं, मी जिनिंगमधे हिशेब लिवतो. जावई सोंगाड्या हाय हे समजलं असतं तं मान गेला असता. म्हनून मान ठेवला. पुढच्या धोंड्याच्या महिन्यात बाबानं एकट्या जावयाले बलावलं, तं हे गेले! पुरनाचे धोंडे खाऊन आले, नवं धोतर घेऊन आले. मले म्हने, तुह्या मायनं चांगलं केलं होतं.

त्या दिवसापासून मले त्या मानसाची किळस हाय. ताट वाढते, कपडे धुते, पन हात लागला तं अजून धुऊन घेते.

माय मेली तवा मले न्याले मूळ आलं नाई. बाबा मेला, नाई. सख्ख्या तुळशीरामदादाच्या लेकीचं लग्न झालं, पत्रिका नाई. मी दादाले चार खेपा सांगून पाठवलं की मी नव्हती. नागपंचमी आली, दिवाळी आली, आजूबाजूच्या बायाईले न्याले मुराळी येत, मी वट्ट्यावर बसून पाहे. सासरच्याईनं चिडवाले नाव पाडलं होतं, मुंबईवाली.

आता सत्काराचं ऐका. कोन्या म्हाताऱ्या टीव्हीच्या साहेबानं मोबाइलवर सांगतलं, की एक गोजराबाई होती वऱ्हाडातली, काय तिचा ठसका! ते हरीओमनं पाह्यलं. बापाले इचारलं. बापानं खरं सांगाव का नाई? नाई. म्हने, 'असंन, तुही माय असंन.' पोराले आयतंच पाह्यजे होतं. निवडनूक. ज्या नावापायी मले मायचं तोंड पाहाले भेटलं नाई, त्याच नावाचा पोरानं बॅनर लावला.

मी नाई म्हनली नाई. तुमाले वाटलं शालीसाठी. भाऊजी, मी गेली ते एका कारनानं. म्हनलं, टीव्हीनं नाव बुडवलं, आता टीव्हीवरच सांगू. दादाच्या घरी टीव्ही हाय, तो पाहीन. अन् थेट हाय म्हने, कोनी थांबवू शकत नाई.

तुमी उठून गेले. पाच मिनटं थांबले असते तं ऐकलं असतं. अं हां, ऐकू कुठून येनार. पाह्यलं असतं. कार्यक्रम चालवनाऱ्या पोट्ट्यानं माइक देल्ला, म्हने, आजी, एखादा ठुमका होऊन जाऊ द्या. मी उभी राह्यली अन् सांगतलं, 'मी कवाच नाचली नाई. नाचले ते केनवडचे जगदेव. लुगडं माह्यं होतं, चोरून नेलेलं. मी त्या दिवशी निंदनात होती. तुळशीरामदादा, ऐकतं का?' ह्याईची मान खाली. हरीओमनं माइक ओढला.

घरी आली, रातच्याले शेजारीन म्हने, काकू, टीव्हीवर किती छान दिसल्या! मी पाह्यलं. कोपऱ्यात लाल अक्षरात थेट थेट लिवून येत होतं अन् कार्यक्रम दुपारचा, दाखवत होते रातच्याले, कापून-जोडून. माह्या बोलन्याच्या जागी ढोलकी. मी नुसती हात जोडते, शाल घेते. हरीओमनं सांगून काढाले लावलं. म्हने, मायची तब्येत बरी नव्हती, भलतंच बरळली.

जवा खोटं बोलल्या गेलं तवा ते वापस घेता येत नव्हतं. आता खरं बोलली तं ते जाऊच देल्लं नाई. घान वाटते मले त्या डब्याची. फडकं टाकलं त्याच्यावर.

तुमाले तुमचं नाव पाह्यजे म्हंता. भेटलं तं घ्या. पन माह्यं मले साफ करून द्या.

गोजरा

•

केनवड
१९ जानेवारी २०२५

वहिनी,

साष्टांग.

तुमचं पत्र वाचलं अन् भाकर गोड लागली नाई. मी पेटी उघडली तं त्या लुगड्याले हात लावाची हिंमत झाली नाई. त्याले मी पुरावा म्हनत होतो. चोरीचा माल निंगाला. मी तुमच्यावर थुंकलो, ते माह्याच तोंडावर पडलं.

पुंजाजीले मी काई लिवत नाई. त्याचं नाव घेतलं तं चूळ भराव वाटते.

बाजाराच्या दिवशी मानोऱ्याले गेलतो. नात संगं येते म्हने, मी नाई म्हनलं, हे माह्यं काम. मिशी काढली. तिथं एका हाटेलच्या मांगं लुगडं नेसलो. निऱ्या आल्या बराबर, हात नाई विसरले. पदर घेतला, कुंकू लावलं अन् भर बाजारातून चाललो. लोकाईले वाटलं मांगनारा हाय. एका बाईनं दोन वांगे देल्ले. पोट्टे मोबाइल घेऊन मांगं. मी बहिरा, मले हसनं ऐकू येत नाई, पन दात दिसतात.

तुमच्या भावाचं बी-बियान्याचं दुकान सापडलं. तुळशीराम गादीवर बसून होते, काठी बाजूले. मी समोर उभा राह्यलो अन् वहिनी, मी कायदा मोडला. लुगड्यात, गड्याच्या आवाजात, माह्यं नाव घेतलं. म्हनलं, 'मी जगदेव. राह्यनार केनवड. मुंबईच्या टीव्हीवर जे नाचली ते बाई मी. तुमची बहीन त्या दिवशी वावरात होती. तुमचा जावई सोंगाड्या होता, त्याले इचारा.' किती जोरात बोललो मले समजलं नाई. पन पलीकडचा भाजीवाला तराजू हातात धरून तसाच उभा होता, म्हंजे तिथंवर गेलं असंन.

तुळशीराम पयले लाल झाले. मंग माह्या गळ्याकडे पाहत राह्यले, माहा घाटा, गड्याच्या गळ्याचं हाडूक, मोठा हाय, पदराच्या वर आला होता. कोन्या पोट्ट्यानं पाटीवर लिवून मले दाखवलं, 'ते रडतात.' दिसतच होतं.

नातीच्या सोयऱ्याईनंबी ते मोबाइलवर पाह्यलं. लग्न मोडलं नाई. पोरगा म्हने, आजोबा भारी. माहा पोरगा मातर चार दिवस माह्याशी बोलला नाई. तसाबी मले ऐकू येत नाई.

लुगडं यासंगं पार्सलनं पाठवतो. काठ एका जागी उसवला, बाजारात कोनीतरी पाय देल्ला. शिवाले बसलो होतो, पन चष्म्याचा नंबर अजून जुळला नाई. बाजारात माती लागली ते तशीच हाय.

तुमचा अपराधी,
जगदेव

•

कामरगाव
३१ जानेवारी २०२५

जगदेव,

खुश झाला? सारं गाव मले सोंगाड्या म्हनून राह्यलं. हरीओमचं तिकीट गेलं. पोट्टे त्याच्या मोबाइलवर तुहाच व्हिडिओ पाठवतात. आपली दोस्ती होती गड्या. एक डाव सांगाव तं होतं की मी असं करनार हाव. मी समजावलं असतं तिले. वाट्टेल तवा काय बाहेर काढाचं याची काई रीत असते.

गोजरा दोन वेळचं वाढते पन ताट हातभर लांबून सरकवते. आधीबी तसंच सरकवे, माह्यं ध्यान आता गेलं.

पुंजाजी

•

कामरगाव
४ फेब्रुवारी २०२५

जगदेवभाऊजी,

गोजराबाईचा नमस्कार.

तुमचा व्हिडिओ मी पाह्यला. शेजारच्या पोरीनं दाखवला. निऱ्या छान आल्या होत्या, मले तशा अजून येत नाईत. तुमी जे केलं ते कोन्या सख्ख्यानं केलं नाई. हे मी ध्यानात ठेवीन.

परवा तुळशीरामदादा आला. मुराळी होऊन आला! मोटार घेऊन, डोक्याले फेटा बांधून, संगं रव्याचे लाडू अन् नवं पातळ. दारातच माह्या पायावर पडाले लागला. म्हने, चाल बाई माहेरी, मले आता पटलं.

मी म्हनलं, आता कसं पटलं?

म्हने, अवं, त्या गड्यानं भर बाजारात येऊन सोताच्या तोंडानं सांगतलं.

अन् मी सांगत होती तवा काय भुंकत होती दादा? चार खेपा निरोप पाठवले. मायच्या तेराव्याले मी तुह्या वेशीपर्यंत आलती, वडाखाली बसून वापस गेली, तुले कोनी सांगतलंबी असंन. सख्खी बहीन मी. माह्या तोंडानं पटलं नाई. एक परका मानूस लुगडं नेसून आला, त्याच्या तोंडानं पटलं. टीव्हीचं पटलं, बाजाराचं पटलं.

भाऊजी, इतकी वर्षं मी वट्ट्यावर बसून ज्याची वाट पाह्यली तो समोर उभा होता, अन् मले त्याची किळस आली. मले वाटलं होतं रडू येईन. नाई आलं. चहा केला, साखर जास्त टाकली, लहानपनी तो तशीच पीत होता. लाडू ठेवून घेतले. पातळ वापस देल्लं. गाडीपर्यंत सोडाले गेली अन् म्हनली, दादा, सांभाळून जा.

माहेर माह्या मनातून उठलं. एका अर्थी हलकं वाटते.

लुगडं मी तुमाले वापस पाठवून राह्यली. काठ शिवला हाय, धुतलं बी. चोरीचं म्हनू नका आता. ह्या खेपेले मी देऊन राह्यली, माह्या हातानं, खुशीनं.

नातीच्या लग्नात नेसा, नाचा, तुमच्या पोराले काय वाटाचं ते वाटू द्या. मले बलावलं तं मी येईन पाहाले. पन कोनी नाव इचारलं तं तुमचं सांगा.

गोजरा